एका मेंढ्याची दोन डोकी

खरं सांगायचं तर हे मी लिहिणारच नव्हतो. बसलो, उठलो, पुन्हा बसलो. एकदा तर अर्धं टाइप केलेलं पुसून टाकलं आणि बाहेर जाऊन उगाचच शेजाऱ्याच्या घोड्याला गवत घातलं. कारण या प्रकरणात मेदेरनं तिलेकला शब्द दिलाय. पण मग वाटलं, शब्द मेदेरनं दिलाय, मी नाही. शिवाय आमच्या कोक-बुलाक गावात ही गोष्ट आता घराघरात वेगळी सांगतात. परवा एका घरात चहाला गेलो तर तिथे मेंढ्याला तीन डोकी झाली होती. तेव्हा कुणीतरी एकदा सरळ सांगून टाकलेलं बरं.

मेदेर हा आमच्याकडे लग्नाचे व्हिडिओ काढतो. कुठे शिकला म्हणाल तर मोबाइलवर बघून बघून. त्याच्या व्हिडिओत नवरीच्या डोळ्यातलं पाणी सावकाश खाली येतं आणि मागून एक गरुड उडत जातो. गरुड दर लग्नात तोच असतो, पण हे अजून कुणाच्या लक्षात आलेलं नाही. असा एक व्हिडिओ राजधानी बिश्केकच्या मीरगुल एजेंच्या हाती लागला. एजे म्हणजे आमच्याकडे मोठी ताई; या तिकडे विद्यापीठात शिकवतात. माणसं कशी बसतात, काय खातात, कुणाला आधी वाढतात, याचा अभ्यास करतात. आम्हाला वाटायचं हा अभ्यास आमच्या तुर्सुन वहिनीच करतात, आणि फुकट करतात. पण नाही, त्याचं शास्त्र आहे म्हणे.

एजे जुन्या जीपमधून आल्या आणि मेदेरला म्हणाल्या, "गरुडाच्या मागे दोन बायका ताटावरून भांडतायत. हे कुणी टिपलं?"

"चुकून राहिलं एजे. कापतो."

"कापू नकोस बाबा, मला तेवढंच हवंय!"

मेदेर इथे जो गोंधळला तो शेवटपर्यंत सावरलाच नाही.

काम असं ठरलं. तिलेकचं, म्हणजे मेदेरच्या जिवाभावाच्या मित्राचं, नुरझातशी लग्न ठरत होतं. नुरझातकडची वडीलधारी मंडळी तिलेकच्या घरी जेवायला येणार होती. त्या जेवणात मांसाचे वाटे कसे होतात ते मेदेरनं तीन तऱ्हेनं टिपायचं: चित्रफीत काढायची, फोटो काढायचे आणि हातानं चित्रही काढायचं.

"फोटो आहे तर चित्र कशाला?" मेदेरनं विचारलं.

"फोटोत समोर असेल ते सगळं येतं. चित्र काढताना तू काय काढतोस आणि काय सोडतोस, ते मला बघायचंय."

म्हणजे मी न काढलेलं बघायला ही बाई एवढ्या लांबून आली, हे मेदेरनं मनात तीन-चार वेळा उलटसुलट करून पाहिलं. काही लागलं नाही. "बरं," म्हणाला.

आता वाट्यांचं थोडं सांगायला हवं. आमच्याकडे मेंढ्याचं कुठलं हाड कुणापुढे जायचं ते ठरलेलं आहे. चुकीचं हाड गेलं तर माणूस काही बोलत नाही. हसतो, खातो, आशीर्वाद देतो, आणि पुढची सगळी वर्षं तुमच्या दारावरून जाताना मान पलीकडे वळवतो. आणि सगळ्यात मानाचं म्हणजे डोकं. ते बैठकीतल्या सगळ्यात मोठ्या पाहुण्याला.

बातमी फुटायला वेळ लागला नाही. तुर्सुन वहिनी कुंपणावरूनच म्हणाल्या, "मेदेर, चित्र काढशील तर वरून काढ. समोरून काढलंस की पोटं दिसतात." मेदेरची आई म्हणाली, "त्या बाईला सांग, आम्ही रोज असे बसत नाही. रोज नीट बसतो." गावच्या कचेरीत परवानगीला गेला, तर कारकुनानं डोळ्यांवरचा चष्मा कपाळावर नेला.

"कारण?"

"जेवणाचं चित्रण. संशोधनासाठी."

"जेवण संस्कृतीत येतं की पशुपालनात?"

"संस्कृतीत."

"मेंढा जिवंत दाखवणार?"

"सुरुवातीला थोडा."

"मग पशुपालन. आणि नंतर?"

"नंतर... नंतर कसा जिवंत असेल?"

"तेच म्हणतोय मी. म्हणजे अर्धं पशुपालन, अर्धं संस्कृती. अर्ज दोन. पशुपालनाला डॉक्टरचा शिक्का लागेल, आणि डॉक्टर वरच्या कुरणात गेलेत." मेदेर बाहेर पडतोय तोच मागून हाक आली. "थांब रे. हे तिलेकच्या घरचं जेवण का? मला आमंत्रण आहे त्याचं! मग परवानगी कशाला हवी? मी असेनच की."

जेवणाच्या दिवशी नुरझातकडून दोघं आजोबा आले. वडिलांचे वडील बेकतूर आणि आईचे वडील झापार. दोघांच्या उंच पांढऱ्या टोप्या एकाच मापाच्या, काठ्या एकाच लाकडाच्या, आणि दोघंही मेंढीच्या वर्षात जन्मलेले. आमच्याकडे वय वर्षाच्या जनावरावरून धरतात. बारा जनावरं, बारा वर्षं, की पुन्हा पहिलं. दोघांचं जनावर एकच, महिना दोघांनाही ठाऊक नाही. सरकारी ओळखपत्रांवर दोघांची जन्मतारीख एक जानेवारी, कारण ज्यानं लिहिली त्याला त्या दिवशी दुसरी तारीख सुचली नसावी. नुरझातच्या आईबापांचं लग्न झालं तेव्हापासून या दोघांत मोठा कोण, हा वाद चालू आहे.

पण वाद म्हणजे भांडण नव्हे. त्यावर आमच्याकडे एक फार सुरेख तोड निघालेली होती. डोक्याचं ताट आलं की बेकतूर आजोबा ते झापार आजोबांपुढे करत. "घ्या, तुम्ही मोठे." झापार आजोबा छातीवर हात ठेवत. "छे छे, तुमच्यापुढे मी पोर. तुम्ही घ्या." ताट इकडून तिकडे, तिकडून इकडे. शेवटी दोघांचे दंड भरून येत आणि ताट आपोआप दोघांच्या मध्ये टेकत असे. त्या क्षणी बैठकीतलं प्रत्येक माणूस आपापल्या चहाच्या पेल्यात बघायचं. ताट कुणाच्या हातून टेकलं, सुरी आधी कुणी काढली, हे कुणीच पाहिलेलं नसायचं. दोघंही घरी जाऊन "डोकं मला मिळालं" म्हणायचे. दोघंही खरंच बोलायचे.

आणि या बैठकीत आमचा मेदेर कॅमेरा घेऊन बसला.

ताट आलं. बेकतूर आजोबांनी उचललं. मेदेरनं फोटो काढला. मग चित्रफीत सुरू केली आणि ताट फिरायला लागलं. तेवढ्यात तिलेकची आई दारातून ओरडली, "अरे, पाहुण्यांच्या हातांवर पाणी कोण घालणार? सगळ्यात धाकटा कोण इथे?" धाकटा मेदेरच. मोठ्यांच्या हातांवर धाकट्यानं पाणी घालायचं, यात संशोधन वगैरे मध्ये येत नाही. त्यानं कॅमेरा भिंतीशी रचलेल्या रजयांच्या ढिगावर तसाच चालू ठेवला आणि झारी-घंगाळं घेऊन वाकला. मागे वळून पाहिलं तोवर ताट मध्ये टेकलेलं, सुऱ्या चाललेल्या आणि सगळी मंडळी पेल्यांतून माना वर काढत होती.

घरी येऊन त्यानं चित्र काढायला घेतलं आणि घाम फुटला. फोटोत डोकं बेकतूर आजोबांच्या हातात. चित्रफितीत रजई घसरून पडद्यावर नुसती लाल फुलं दिसायला लागली, पण त्याच्या आधीच्या शेवटच्या क्षणी ताट झापार आजोबांच्या हातात. आणि शेवटी कुणाकडे गेलं ते त्यानं पाहिलेलंच नव्हतं. मेदेर मुळात सभ्य मुलगा. कुणाला वाईट वाटायला नको. त्यानं बेकतूर आजोबांपुढे एक डोकं काढलं आणि झापार आजोबांपुढे एक डोकं काढलं. डोकी मात्र सुरेख जमली. शिंगांची वळणंसुद्धा.

एजेंनी चित्र बराच वेळ पाहिलं. डोक्यांबद्दल अवाक्षर नाही. कोपऱ्यात बोट ठेवलं. "इथे पेला काढलायस. कुणाचा?"

"तो होय... सुयुमकान आजींचा. बेकतूर आजोबांच्या बायको."

"मग आजी कुठायत?"

"राहिल्या. जागा पुरली नाही."

"डोकी दोन मावली, आजी नाही मावल्या?"

मेदेरला वाटलं आपल्याला रागावतायत. पण एजे खुशीत होत्या. म्हणाल्या, आता हे सगळं त्याच मंडळींना दाखव आणि ती काय म्हणतात ते लिहून घे. आमच्या कामात हे सगळ्यात महत्त्वाचं. आणि जीपमधून निघून गेल्या. या अभ्यासातली ही एक गोष्ट मेदेरनं पक्की शिकून घेतली: महत्त्वाच्या वेळी शास्त्रज्ञ बिश्केकला असतात.

गावच्या क्लबात खिडक्यांना लोकरीचे जाड नमदे लावून, अंधार करून दुपारी खेळ झाला. पडदा म्हणून तुर्सुन वहिनींनी रजईची खोळ दिली. "इस्त्री केलीय हो," असं त्यांनी तिघांना सांगितलं.

आधी फोटो. बेकतूर आजोबा मिशीत हसले आणि आजूबाजूला पाहून घेतलं, सगळ्यांनी पाहिलं ना म्हणून. झापार आजोबांची काठी जमिनीवर आपटली.

"असं आहे तर! म्हणजे मी तिथे काय, झाकण धरायला बसलो होतो?"

मेदेरनं घाईघाईनं चित्रफीत लावली. ताट इकडे, ताट तिकडे, इकडे, तिकडे, झापार आजोबांच्या हातात, आणि लाल फुलं.

"हे बघा! हे बघा!" झापार आजोबा उभेच राहिले. "शेवटी कुणाकडे? बोला!"

"त्याच्यापुढचं कापलंय!" बेकतूर आजोबा कडाडले. "पोरानं कापलंय! कुणी सांगितलं कापायला?"

"आजोबा, रजई पडली हो."

"रजई! रजईला पण फूस लावलीय!" असं म्हणून बेकतूर आजोबा रागारागानं निघाले. पण त्यांचे गुडघे रागाला साथ देत नाहीत. उठायला दोन माणसं लागली, मग टोपी, मग काठी, मग बूट. त्या अवधीत मंडळी शांत बसून होती, कारण कुणी रागावून जात असताना मध्येच बोलणं बरं दिसत नाही.

मेदेरला वाटलं, चित्र दाखवलं की सगळं मिटेल. दोघांना एकेक डोकं. यापरता न्याय तो काय?

चित्र पडद्यावर आलं. मग मागून तुर्सुन वहिनींचा आवाज आला, अगदी निरागस. "अगंबाई, मेंढे दोन कापले होते? मग दुसऱ्याचं मांस कुठे गेलं?"

सगळ्या माना तिलेकच्या आईकडे वळल्या. ती बिचारी उभी राहून शपथा घ्यायला लागली की मेंढा एकच होता. "मग चित्रात दोन कसे?" "अहो, हा विद्यापीठाचं काम करतो, खोटं कशाला काढेल?" "वाटलंच मला, आमच्या बशीत बरगडीच आली."

संध्याकाळपर्यंत हिशेब असा झाला. बेकतूर आजोबा म्हणाले, मोठा कोण ते ठरल्याशिवाय मी नुरझातला आशीर्वाद देणार नाही. झापार आजोबा म्हणाले, मी तर त्याच्या आधीपासून देणार नाही. तिलेकच्या आईनं चुलीपाशी बसून सांगितलं की ज्या घरात मला मांसचोर म्हणतात त्या घरची सून मला नको. आणि दोघा आजोबांच्या आशीर्वादाशिवाय आमच्याकडे लग्न होत नाही.

तिलेक मेदेरला ओढ्याकाठी गाठून म्हणाला, "मी तुझ्याकडे एकच मागितलं होतं. मी आणि नुरझात, एक फोटो. काढलास?"

"नाही."

"का?"

"तुम्ही... संशोधनात येत नव्हता."

तिलेकनं त्याच्याकडे पाहिलं. शिवी दिली असती तर परवडलं असतं. पण तो नुसता घोड्यावर बसून निघून गेला, आणि लहानपणापासून पहिल्यांदाच "येतोस का?" न विचारता गेला.

मेदेरनं मग चित्र दुरुस्त करायचं ठरवलं. बेकतूर आजोबांकडे गेला. ते म्हणाले, "झापारपुढचं डोकं खोड, बाकी चित्र झकास आहे." झापार आजोबांकडे गेला. "बेकतूरपुढचं खोड. आणि त्याची टोपी माझ्यापेक्षा उंच काढलीयस ती खाली घे." तिलेकची आई म्हणाली, "दोन्ही खोड. मेंढाच खोड." परवानगीवाला कारकून वाटेत भेटला, त्याला आपली पाठ दिसत होती ते आवडलं नव्हतं. तुर्सुन वहिनींचे यजमान त्या दिवशी जेवायला नव्हतेच, वरच्या कुरणात होते. ते म्हणाले, "पण मी येणार होतो ना? मग काढायला काय हरकत आहे? दाराजवळ काढ, मला मानाची जागा नको." मेदेर खोडत गेला, काढत गेला. कागद खोडून खोडून इतका पातळ झाला की उजेडात धरला तर पलीकडची कोंबडी दिसायची.

त्यानं एजेंना फोन केला. त्या म्हणाल्या, "वा! कोण काय खोडायला सांगतो ते सगळं लिहून ठेव!"

"एजे, लग्न मोडतंय."

मग एजे हळूच म्हणाल्या, "मेदेर, हे माझ्या लक्षातच आलं नाही रे. आता लिहू नकोस काही. जा त्यांच्याकडे."

जाऊन काय करायचं ते एजेंनाही माहीत नव्हतं बहुतेक. पण नुरझातला होतं. तिनं तिलेकच्या आईला राजी केलं आणि दोन्ही आजोबांना निरोप धाडला की येत्या शुक्रवारी तिलेककडे पुन्हा एक मेंढा पडतोय. जो आजोबा येणार नाही तो धाकटा समजला जाईल.

दोघंही वेळेच्या आधी आले.

मेदेर कॅमेरा घरी ठेवून गेला. कुणी न सांगताच झारी-घंगाळं उचललं आणि खाली मान घालून पाणी घालायला लागला. बैठक अशी ताठ, की जणू सगळ्यांच्या पाठीला फळी बांधलीय. डोक्याचं ताट आलं. बेकतूर आजोबांनी हात पुढे केला आणि मागे घेतला. झापार आजोबांनी केला, मागे घेतला. दोघांची नजर खोलीभर फिरून रजयांच्या ढिगावर जाऊन थांबली.

"कॅमेरा कुठाय?" बेकतूर आजोबांनी विचारलं.

"हो, कॅमेरा कुठाय?" झापार आजोबा म्हणाले.

दोघांचं एकमत झालेलं गावात कुणी याआधी पाहिलेलं नव्हतं. मेदेर भांबावून गेला. "घरी ठेवलाय आजोबा. तुम्हाला त्रास नको म्हणून."

"घरी? मग आज डोकं कुणाला मिळालं हे उद्या कोण सांगणार?"

"घेऊन येईपर्यंत मांस गार होईल. चित्र काढ! पेन्सिल आहे ना? काढ!"

तिलेकनं डोळे मिटून घेतले. मेदेरपुढे कुणीतरी पिठाच्या पिशवीचा कागद पसरला. त्यानं आधी बेकतूर आजोबांचं नाक काढलं.

"हे नाक?" बेकतूर आजोबा गुडघ्यांवर सरकत जवळ आले. "हे नाक झापारचं आहे."

"माझं नाक असं नाही!" झापार आजोबा दुसऱ्या बाजूनं सरकत आले. "माझं नाक सरळ आहे. पोरा, माझ्याकडे बघ. याच्याकडे बघू नकोस, हात बिघडेल."

"सरळ! घोड्यावरून पडलास तेव्हापासून ते कुरणाकडे बघतंय."

दोघांच्या काठ्या बाजूला पडल्या, टोप्या एकमेकींना लागल्या. दोघं मेदेरच्या दोन खांद्यांवरून वाकून कागदात बघत होते आणि ताट मागे सतरंजीवर एकटं पडलं होतं. मेदेरनं टोप्या काढल्या, सारख्या उंचीच्या. मिशा काढल्या. हात काढले, रिकामे, कारण ते रिकामेच होते. मग कोपरा आला. या खेपेला त्यानं मान वर करून कोपऱ्यात पाहिलं.

कोपऱ्यात सुयुमकान आजी बसल्या होत्या. मांडीवर ताट. एक कान कापून शेजारच्या नातवाला दिलेला, दुसरा नुरझातला. स्वतःचं तोंड भरलेलं. सुरी सावकाश, अगदी सवयीची चाललेली.

मेदेरनं जे दिसलं ते काढलं.

"हे काय?" बेकतूर आजोबांनी कागदावर बोट ठेवलं, मग मागे वळून पाहिलं. "अगं! अगं, ते डोकं आहे!"

"माहितीय," आजी म्हणाल्या. "गार होत होतं."

"ते मोठ्याचं असतं!"

आजींनी तोंडातला घास नीट संपवला. त्यांना कधीच घाई नसते. "मी घोड्याच्या वर्षातली," त्या म्हणाल्या. "मेंढीच्या आधीच्या."

बेकतूर आजोबांनी बोटांवर जनावरं मोजली, एकदा, पुन्हा एकदा. "तू तर माकडाच्या वर्षातली आहेस. मेंढीच्या नंतरच्या. लग्नात तसंच सांगितलं होतं!"

"तुझ्या आईला मुलापेक्षा मोठी सून नको होती. म्हणून माझ्या आईनं माकड सांगितलं. मग म्हटलं राहू दे माकड, काय बिघडलं?" आजींनी झापार आजोबांकडे पाहिलं. "तुम्हा दोघांपेक्षा मी एका वर्षानं मोठी. इतकी वर्षं ते ताट तुमच्या मध्ये टेकतं आणि तुम्ही गालाचं मांस टाकून देता. डोळ्याला हात लावत नाही. नीट खाता तरी येतं का कुणाला?"

झापार आजोबा आधी हसायला लागले. खोकला येईपर्यंत हसले. "बेकतूर, अरे तू घरातसुद्धा धाकटा!"

बेकतूर आजोबा लाल झाले, मग पांढरे झाले, मग त्यांनी हळूच विचारलं, "डोळा ठेवलायस का एक?"

आजींनी ठेवला होता. दोन होते. एक बेकतूर आजोबांना दिला, एक झापार आजोबांना. दोघांनी मुकाट खाल्ले. मग हात वर झाले, आधी आजींचे, त्यामागून आजोबांचे दोघांचे एकदम, आणि नुरझातला आशीर्वाद मिळाला. तिलेकची आई दारात उभी राहून डोळे पुसत सगळ्यांना ऐकवत होती, "मेंढा एकच आहे हां आज. मोजून घ्या."

नंतर बाहेर, घोडे बांधतात तिथे, तिलेक मेदेरशेजारी येऊन उभा राहिला.

"लग्नाला येशील?" तिलेकनं विचारलं.

"कॅमेरा आणू?"

"नको."

"वही?"

"नको रे बाबा. पेन्सिल पण नको. तू पाणी घालायला ये. आणि जेवायला."

"आणि तुझा नुरझातबरोबरचा फोटो?"

"तो आत्ता काढ. मोबाइलवर. कुणाच्या हातात काही नसताना."

तिलेकनं नुरझातला बाहेर बोलावलं, मेदेरनं फोटो काढला. दोघांचे हात रिकामे, मागे एजेंची जीप येऊन थांबत होती, ती पण आली त्यात.

"आणि एक," तिलेक म्हणाला. "लग्नात डोकं कुणाला गेलं असं कुणी विचारलं, आजोबांनी, वहिनींनी, तुझ्या या एजेंनी, कुणीही, तर काय सांगशील?"

मेदेरनं छातीवर हात ठेवला. "मी पाणी घालत होतो. मी काही पाहिलं नाही."